पाठवणी हा शब्द तिचा

‘पाठवणी’ नावाचा माझा एक माहितीपट आहे. साकीनाक्याच्या मागच्या अंगाने वाहणाऱ्या एका नाल्यावरचा, चाळीस मिनिटांचा. शाळांमधून, कॉलेजांमधून, सोसायट्यांच्या हॉलमधून तो अजून दाखवला जातो. संपला की दिवे लागतात आणि कुणीतरी हमखास म्हणतं, “सर, नाव काय झकास आहे! कसं सुचलं?” यावर मी आजवर नुसता हसत आलो. नाव मला सुचलेलं नाही. ते एका बाईचं आहे. तिने ते वापरू नका म्हणून मला सांगितलं होतं, मी हो म्हटलं होतं, आणि तरी वापरलं. त्यापायी तिचं काम गेलं. तिच्याबरोबर आणखी चौघींचं गेलं.

एवढं कागदावर यायला तीन वर्षं लागली. मुळात मी बोलणारा माणूस नाही. दुसऱ्यांना बोलतं करायचं आणि आपण कॅमेऱ्यामागे गप्प बसायचं, हा माझा पंचवीस वर्षांचा धंदा. लोकांना वाटतं, हा माणूस ऐकून घेतो. ऐकून मी घेतोच. पुढे त्याचं काय करतो, ते आता सांगतो.

पर्यावरणावर काम करणाऱ्या एका लहानशा संस्थेला जनजागृतीसाठी फिल्म हवी होती, आणि मी विषय शोधत अंधेरी-कुर्ल्याच्या मधल्या गल्ल्यांतून हिंडत होतो. एका दुपारी पुलावर थांबलो. खाली नाला काळाच होता. बघता बघता एका कडेने त्यात मोरपंखी रंग शिरला, लांबवर पसरला आणि दहा-पंधरा मिनिटांत परत काळ्यात मिसळून गेला. पुलावरून माणसं जात होती, कुणी वाकूनसुद्धा पाहिलं नाही. टपरीवाल्याला विचारलं तर म्हणाला, “रोज का है, साहब.”

रोज का खरंच होतं. दीडच्या सुमाराला, जेवणाच्या सुट्टीत रंग यायचा. नाल्याला पाठ लावून गाळ्यांची रांग होती. लेथवाले, प्रेसवाले, खोकी बनवणारे आणि दोन-तीन मुलामा चढवणारे. पर्सची बकलं, पट्ट्यांचे हूक, खोट्या दागिन्यांच्या साखळ्या, असला बारीक माल तारेवर ओवून रसायनांच्या टाक्यांत बुडवायचा, की तो सोन्यासारखा किंवा चांदीसारखा होऊन बाहेर येतो. वापरलेलं पाणी साफ करून सोडायचं असतं. इथे तसंच सोडत होते.

कॅमेरा घेऊन गाळ्यात कोण येऊ देणार? मी समोरच्या चहाच्या टपरीवर बसायला लागलो. दीड वाजता एका गाळ्यातून पाचजणी डबे घेऊन बाहेर यायच्या आणि टपरीच्या बाकड्यावर दाटीवाटीने बसून जेवायच्या. एक दिवस सगळ्यात शेवटी, पदराने डोळे पुसत, एक चाळिशी ओलांडलेली बाई आली. बाकीच्यांपैकी एकीने तिला विचारलं, “झाली का गं पाठवणी?”

“झाली की. गेली बाई नांदायला.”

बोलायला निमित्त हवंच होतं. मी विचारलं, “कुणाच्या मुलीचं लग्न झालं?”

पाचहीजणी माझ्याकडे बघत राहिल्या आणि मग अशा हसल्या, की एकीला ठसका लागला.

“आमच्या टाकीचं,” डोळे पुसणारी म्हणाली. “रोज लगीन, रोज पाठवणी. येताय का जेवायला?”

मग तिने समजावून सांगितलं. वापरलेलं पाणी नाल्यात सोडायला टाकीचा कॉक उघडला की वाफ वर येते आणि डोळ्यांत घुसते. “मुकादमापासून झाडूवाल्यापर्यंत समदे उभे राहून रडतात बघा. पहिल्या दिवशी मी म्हणलं, अगं बया, हे तर पोरीची पाठवणी केल्यागत झालं. तवापासून पाठवणीच म्हणतो आम्ही. मुकादम पण म्हणतो.”

कॉक उघडायचं काम तिचं होतं.

तिला कॅमेऱ्यासमोर आणायला दोन महिने गेले. मी तिला ताई म्हणायचो, ती मला भाऊ. ती जालन्याकडची. आईवडील कामाला मुंबईत आले तेव्हा ती दहा-बारा वर्षांची होती. घाटकोपरच्या डोंगरावर तिची खोली होती. नवरा वारला होता, मुलगा लग्न होऊन गोवंडीला वेगळा राहत होता. ती तयार झाली ते माझ्या गोड बोलण्याने नव्हे. एकदा तिने विचारलं, “ते पाणी जातं कुठं हो, भाऊ?” मी सांगितलं, मिठी नदीत आणि तिथून माहीमच्या खाडीत. “मग मासे?” मी म्हटलं, मासे काय राहणार. ती बराच वेळ डब्याचं झाकण बोटाने पुसत बसली. म्हणाली, “अकरा वर्षं झाली. कॉक माझ्याच हातानं उघडतीय मी.” दोन दिवसांनी तिने स्वतःहून सांगितलं, “बोलते मी. पण तोंड दाखवू नका, आवाज बदला. मालकाला कळलं तर वाट लागेल.”

एका रविवारी सकाळी तिच्या खोलीत आम्ही बोललो. खिडकीकडे तोंड करून ती बसली, मी पाठीमागून तिचे हात आणि खांदा तेवढा घेतला. ती दीड तास बोलली. काय टाकतात, कधी सोडतात, तपासणीला कुणी येणार असलं की आदल्या दिवशी कसं कळतं, हाताची कातडी कशी जाते, सगळं. मधेच म्हणाली, “माझ्या हातानं झालंय म्हणून सांगतीय. दुसऱ्याचं असतं तर कशाला सांगितलं असतं?” एवढ्या वर्षांत इतकं सरळ कुणी माझ्यासमोर बोललेलं नाही.

बोलणं आटोपल्यावर तिने सांगितलं, “भाऊ, पाठवणी तेवढं काढा हां त्यातनं. ते आमच्या गाळ्यातच म्हणतात. बाकी कुठं नाय म्हणत.”

मी म्हटलं, “काढतो ना.”

माझं घर मुलुंड पूर्वेला. वडील गिरणीत होते. गिरणी गेल्यावर त्यांनी गावची आशा सोडून ही दोन खोल्यांची जागा घेतली. आता त्यात मी एकटा. माझं लग्न सहा वर्षांत संपलं, त्याबद्दल इथे सांगण्यासारखं काही नाही. आतल्या खोलीत संकलनाचं मशीन आहे, आणि फिल्म जुळवायला बसलो की चार-चार महिने माझी सोबत म्हणजे त्या फिल्ममधली माणसं. त्या वेळी सोबत तिची होती. दिवसभर तिचा आवाज घरात. वाक्य मागे न्यायचं, पुढे न्यायचं, श्वास कुठे घेतलाय ते बघायचं. एकदा जेवायला वाढून घेताना ती मागे मशीनवर काहीतरी म्हणाली आणि मी “हो ना” म्हणून उत्तर दिलं. महिनाभरात मी मोठ्याने उच्चारलेले ते बहुतेक पहिलेच शब्द असतील.

तिला जपायचं हे माझ्या डोक्यात पक्कं होतं. हे खोटं सांगत नाही. तिच्या मनगटावर गावाकडचं जुनं गोंदण होतं, चार ठिपके आणि एक वेल. ते ओळखीचं ठरेल म्हणून मी ते एकेका चित्रातून पुसून काढलं. चार दिवस लागले. आवाज जाड केला. खिडकीबाहेरचा डोंगर धूसर केला. आपण किती काळजी घेतोय, याचं मला कौतुक वाटत होतं.

आणि तो शब्द मी ठेवला. आधी वाटलं, बघू, शेवटी काढू. पण फिल्म त्याच्याभोवतीच उभी राहत होती. त्या एका शब्दात ते पाणी होतं, वाफ होती, रडणं होतं, आणि आपल्या हाताने एखादी गोष्ट कायमची घराबाहेर काढून देणं होतं. मी तो काढून पाहिला. उरलं ते नाल्यावरचं भाषण. परत घातला. मग स्वतःला समजावलं, की चेहरा दिसत नाही, आवाज कळत नाही, नुसत्या शब्दावरून कोण ओळखणार? हे मी म्हणावं! आमच्या घरी मालवणी बोलतात. नुसता एक शब्द कानावर पडला की माझी आई सांगायची, ही बाई कुठल्या वाडीतली. शब्दावरून माणूस सापडतो, हे मला समजावून सांगायची कुणाला गरज नव्हती.

संस्थेतल्या लोकांना मी पहिली जुळणी दाखवली. ते म्हणाले, नाव दुसरं शोधूच नका, हेच. मी म्हणू शकलो असतो, की हा शब्द वापरायचा नाही असं ठरलंय. मी म्हटलं, “मलाही तसंच वाटत होतं.”

माहितीपट लोकांपर्यंत जायच्या आधी त्याची दोन मिनिटांची झलक व्हॉट्सॲपवर गेली. कुणीतरी कुणालातरी पाठवली. आठवड्याभरात ती त्याच गाळ्यात पोचली. मुकादमाने जेवणाच्या सुट्टीत फोनवर लावली. आधी नाला, मग मोरपंखी रंग, मग पाठमोरी बाई, आणि शेवटी काळ्या पडद्यावर मोठ्या अक्षरांत पाठवणी. मुकादम हाच शब्द रोज म्हणत होता. त्याला दुसरं काही बघायची गरजच पडली नाही.

हे मला तिच्याकडून कळलं. तिने तीनदा फोन केला. पडद्यावर ‘ताई साकीनाका’ दिसत राहिलं आणि मी फोन हातात घेऊन बसलो. काय झालं असेल ते मला माहीत होतं. माहीत होतं म्हणूनच घेतला नाही. मग तिने आवाजातला निरोप पाठवला. त्यात रडणं नव्हतं, शिवी नव्हती. “भाऊ, शब्द ठेवलात तुम्ही. मुकादमानं सुट्टीत फोनवर लावलं, नाव बघून मालकाला दाखवलं. मालकानं पाचीजणींना उभं केलं, कोण बोललं म्हणून. मी म्हणलं, शब्द माझा हाय, मीच बोलले. तरी पाचीजणींना नको म्हणाला उद्यापासून. त्यांचं तरी काय करता येतंय का बघा.” एवढंच. त्यांच्यासाठी काही करता येतं का, ते मी बघितलं नाही. निरोपाला उत्तर दिलं नाही. कामं आहेत, उद्या करू, नीट बोलू, असं म्हणत म्हणत आठवडा गेला. आठवड्यानंतर उत्तर देणं पहिल्या दिवसापेक्षा अवघड झालं, आणि महिन्यानंतर अशक्य.

फिल्म मात्र चालली. मी पेनड्राइव्ह आणि स्पीकर पिशवीत घालून बोरिवलीच्या शाळांपासून मुलुंडच्या ज्येष्ठ नागरिक संघापर्यंत सगळीकडे गेलो. जागृती म्हणजे काय, ते मी या तीन वर्षांत जवळून पाहिलं. मुलं मोरपंखी नाल्याची चित्रं काढतात आणि ती फार सुंदर असतात. सोसायट्यांमध्ये लोक मनापासून हळहळतात, मग चर्चा कापडी पिशव्यांवर येते आणि बटाटेवडे येतात. नाल्याला लागून एक टॉवर झाला आहे. तिथल्या लोकांनी फिल्म पाहून मोठा अर्ज केला, आणि त्यांच्या बाजूने नाल्याला उंच हिरवे पत्रे लागले. आता वरून रंग दिसत नाही. तो गाळा पुढे बंद झाला. वसईच्या पलीकडे गेला म्हणतात. तिथेही कुठलं तरी पाणी असेल आणि कॉक उघडायला कुणीतरी बाई असेल. मुलुंडचे एक निवृत्त गृहस्थ मात्र फिल्म पाहिल्यापासून आपल्या घराजवळच्या ओढ्याचा रंग रोज वहीत लिहून ठेवतात आणि महिन्याच्या महिन्याला पालिकेत नेऊन देतात. त्यांची वही पाहिली की मला वाटतं, फिल्म अगदीच फुकट गेली नाही. मग लगेच वाटतं, कुणाच्या जिवावर.

कारण प्रत्येक खेळानंतर एक प्रश्न ठरलेला असतो. “त्या ताई आता कुठे असतात? कशा आहेत?” माझं उत्तरही ठरलेलं. “बऱ्या आहेत.” हे मी शेकडो लोकांना सांगितलं आहे. ती जिवंत आहे की नाही, हेसुद्धा मला माहीत नव्हतं. सांगताना आवाज जरा खाली घ्यायचो, त्यामुळे लोकांना वाटायचं, यांचा तिच्यावर फार जीव आहे.

गेल्या हिवाळ्यात बोरिवलीच्या एका शाळेत हेच उत्तर दिलं, आणि एक बाई उठल्या. मुलांना विज्ञान शिकवणाऱ्या, उत्साही. म्हणाल्या, “सर, मग त्यांना आम्हाला द्या ना! आमच्या पर्यावरण सप्ताहाला प्रमुख पाहुण्या म्हणून. आता कुठे त्या गाळ्याची भीती? शाल, श्रीफळ, मानपत्र. मुलांना कळू दे, धाडस कशाला म्हणतात.” सगळ्या हॉलने टाळ्या वाजवल्या. बाईंनी दोन दिवसांत निमंत्रणपत्र छापून माझ्याकडे पाठवलं. नावाची जागा मोकळी होती. तिचं नाव मीच त्यांना कळवायचं होतं.

बोरिवलीलाच माझी मोठी बहीण राहते. तिच्याकडे चहाला गेलो. ती माझी फिल्म अर्धी पाहून झोपली होती, पण विचारपूस करते. “काय रे, तुझो पिक्चर टीव्हीर कधी येतलो?” तिने चहा ठेवला आणि समोर बसली. पहिल्यांदा मी तिला सगळं सांगितलं. मला वाटलं, ती म्हणेल, होतं असं कामात. ती म्हणाली, “आणि तू फोन घेतलंस नाय?”

“नाही.”

“तीन वर्सा?”

“हो.”

“मगे हंय काय करतंस? तिच्याकडे जा.”

जायच्या आदल्या दिवशी मी जुनी हार्ड डिस्क काढली. का काढली, ते सांगायला हवं, कारण इथवरचं सांगताना एक गोष्ट मी मागे ठेवली.

आमच्या कामात एक रीत असते. मुलाखत संपली की त्या खोलीची नुसती शांतता मिनिटभर टेप करून घ्यायची. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. पंखा, लांबचा भोंगा, शेजारच्यांचा नळ. दोन वाक्यांच्या मधे कापलं की तिथे खड्डा पडतो, तो बुजवायला ही शांतता लागते. त्या मिनिटात कुणी बोलायचं नाही. त्या रविवारी मी तिला तसं सांगितलं, बटण दाबलं, आणि ती वीस सेकंद गप्प राहिली. मग तिला राहवलं नाही. पाठवणी तेवढं काढा हां, हे ती त्या मिनिटात बोलली होती. माझं “काढतो ना”ही त्यातच आहे. पुढचे पंचवीस सेकंद परत शांत.

म्हणजे तिचं म्हणणं मी विसरलो असं म्हणायची सोय मला कधीच नव्हती. फिल्म जुळवताना तो तुकडा मी पन्नास वेळा ऐकला. शांतता मला हवी होती, म्हणून तिचं वाक्य मधून कापलं आणि अलीकडचे वीस आणि पलीकडचे पंचवीस सेकंद वापरले. फिल्मभर तिच्या बोलण्याखाली ती पसरलेली आहे.

रविवारी सकाळी मी डोंगर चढलो. खोली तीच होती. दार उघडं होतं आणि ती खाली बसून मेथी निवडत होती. केस बरेच पांढरे झाले होते. मला पाहून उठली नाही.

“या,” ती म्हणाली. “डोंगर चढायला तीन वर्षं लागली व्हय?”

मी आत जाऊन बसलो. तिने पाण्याचा तांब्या पुढे सरकवला. ती आता एका प्रसूतिगृहात आया होती. “बरं हाय. तिथं पण रडारड असतीच,” म्हणाली. मी भित्र्या माणसासारखं आधी शाळेचं निमंत्रण काढून तिच्या हातात दिलं. तिने ते सावकाश वाचलं.

“सत्कार? कशाचा?”

“तुम्ही बोललात त्याचा.”

“काम गेल्याचा सत्कार करतात व्हय शाळेत?” ती हसली, पण डोळ्यांपर्यंत हसू पोचलं नाही. “मी नाय यायची. ती शाल तुम्हीच घ्या, थंडी हाय.” आणि निमंत्रण परत माझ्या पुढ्यात ठेवलं.

मग मी सांगितलं. तुम्ही शब्द काढायला सांगितला होता, मी हो म्हटलं होतं, मला आठवत होतं, तरी ठेवला, कारण फिल्म त्याच्यामुळे चांगली होत होती. फोन दिसत होते, घेतले नाहीत. सगळीकडे तुम्ही बऱ्या आहात म्हणून सांगत सुटलो. हे सगळं एका दमात म्हणालो, मेथीच्या जुडीकडे बघत. मी रडलो नाही. तिच्यासमोर तेवढा हक्क मला वाटला नाही.

तिचे हात थांबले होते. ती म्हणाली, “परत सांगा. मी काय सांगितलं होतं?”

“शब्द काढा म्हणून.”

“मी सांगितलं होतं?”

“हो.”

“नक्की?”

मला कळेना, ही असं काय विचारतेय. तिने मेथी बाजूला केली. “अहो भाऊ, त्या चौघी मला काय म्हणतात माहिताय का? म्हणतात, तुला कॅमेरा दिसला आणि तुझं डोकं फिरलं, तोंडाला येईल ते बोलत सुटलीस. तू त्याला सांगायचं नव्हतंस का आमचा शब्द घालू नको म्हणून? मी म्हणते, सांगितलं होतं गं. तर म्हणतात, सांगितलं असतं तर त्यानं ठेवला असता का, शिकलेला माणूस हाय.” तिने मांडीवरची पानं झटकली. “अकरा वर्षं एका बाकड्यावर बसून जेवलो आम्ही. मागल्या सालात एकीच्या पोरीचं लगीन झालं. बाकी समद्या गेल्या. मला सांगितलं पण नाय. ग्रुपमधनं काढली मला. आता तर मला पण वाटायला लागलं होतं, आपण सांगितलंच नसंल. नुसतं मनात म्हणलं असंल.”

तीन वर्षं मी तिच्या गेलेल्या कामाचा विचार करत होतो. कामं तिने पुढे दोन बदलली होती. तिचं काय गेलं होतं, ते मला आत्ता कळत होतं.

मी म्हटलं, “ताई, ते टेप झालंय.”

“काय?”

“तुम्ही सांगितलेलं. आणि मी हो म्हटलेलं. दोन्ही.”

हार्ड डिस्कवरून आदल्या रात्री उतरवून घेतलेला तो तुकडा मी फोनवर लावला. आधी पंखा. लांब कुठेतरी कुकरची शिट्टी. मग तिचा आवाज, न बदललेला, तीन वर्षांपूर्वीचा. मग माझा. ती फोनवर इतकी वाकली होती, की तिचे केस माझ्या हाताला लागत होते.

“परत.”

परत लावला. आपण “काढतो ना” किती सहज म्हटलं होतं, ते मलाही तेव्हाच नीट ऐकू आलं. वायर गुंडाळत बोलतोय, हे त्या आवाजावरून कळत होतं.

“माझ्या फोनवर टाका.”

मी टाकला. तिने फळीवरचा चष्मा घेऊन डोळ्यांवर चढवला, एकेकीचं नाव शोधून चौघींना वेगवेगळा पाठवला. मग बटण दाबून बोलली, “ऐका गं बायांनो. सांगितलं होतं मी. माझाच आवाज हाय आणि त्यो दुसरा त्या फिल्मवाल्याचा. त्यो इथंच बसलाय माझ्यापुढं, खाली मान घालून. खोटं वाटत आसंल तर फोन लावा.”

तिने मेथी परत पुढ्यात ओढली. माफ केलं की नाही, हा विषय निघाला नाही. फिल्मचं नाव बदलू का, असं मी विचारलं तर म्हणाली, “आता बदलून काय? समद्यांच्या तोंडात बसलं ते. पण लोकांना सांगा कुणाचं हाय. आणि काढा म्हणलं होतं, ते पण सांगा.” मी हो म्हटलं. तिने माझ्याकडे जरा वेळ पाहिलं, या ‘हो’चं काय करायचं ते ठरवत असल्यासारखं.

तेवढ्यात फोन वाजला. नाव बघून ती भिंतीला टेकून नीट बसली, पदर सारखा केला आणि मगच घेतला. पलीकडची बाई काय म्हणत होती ते मला ऐकू येत नव्हतं. ती “हां” म्हणाली. मग परत “हां.” मग म्हणाली, “रडू नको गं आता तू. पोरगी कशी हाय ते सांग आधी. सासू बरी हाय का?”

तिने फोनवर हात ठेवला आणि मला म्हणाली, “तुम्ही निघा, भाऊ. मला आता येळ लागंल.”

मी निमंत्रण पिशवीत घातलं आणि बाहेर येऊन चपला शोधू लागलो. आतून तिचा आवाज येत होता, मोठा, एकातून दुसऱ्यात शिरणारा. लग्नात जेवायला काय केलं होतं ते ती विचारत होती. कोण कोण आलं होतं. आहेर काय आला. पाठवणीला कोण जास्त रडलं.